तात्यांच्या गाडीचा खुलासा

आमच्या वाडीत एकच पिकअप होती. तिची चावी तात्यांच्या ओट्यावर, दाराच्या उजव्या अंगाच्या खुंटीला टांगलेली असायची. त्याच खुंटीला तात्यांची घोंगडी आणि शेळ्यांना पाला तोडायचा कोयता. चावीला तात्यांच्या बायकोने, काकूंनी, लाल लोकरीचा गोंडा बांधला होता, म्हणजे घोंगडीच्या काळ्या रंगात ती पटकन दिसावी.

वाडी माले गावाच्या वर, डोंगराच्या कुशीत आहे. खाली रस्त्यावर एसटी थांबते, तिथून पाऊण तास चढ. तात्या आमचे नात्याने कोणी नव्हेत. ते मेंढरं राखणारे, आम्ही भात लावणारे. त्यांचं घर वर, आमचं खाली. गुडघे मेंढरांमागं धावेनासे झाले तेव्हा त्यांनी अर्धा कळप विकून ही जुनी पिकअप घेतली. मागच्या फळीवर काकूंनी पांढऱ्या रंगाने एक मेंढी काढली होती. तिचे पाय तीनच झाले होते. चौथ्याला जागा उरली नाही म्हणे.

गाडी न्यायची रीत अशी होती. ज्याला हवी त्याने ओट्यावर चढायचं, चावी काढायची आणि आत हाक द्यायची, "काकू, गाडी नेतोय ओ." चुलीपाशी बसलेल्या काकू आतूनच विचारायच्या, "कुटं? काय भरनार?" उत्तर दिलं की झालं. परत आणताना गाडी झाडून आणायची आणि डिझेल भरायचं. त्या गाडीतून बाजाराला बोकडं गेली, दळण गेलं, नवरीचं कपाट आलं, माझ्या आजोबांना शेवटचं दवाखान्यात नेलं तेही त्याच गाडीतून.

आणि मीही त्यातून परीक्षेला गेले. बारावीच्या इंग्रजीच्या पेपराला एसटी आलीच नाही. मी खालून धावत वर आले तेव्हा तात्या मेंढी कातरत होते. त्यांनी कातर टाकली, मेंढी तशीच सोडली आणि मला पौडला परीक्षेच्या दारात नेऊन उतरवलं. पुढे आठवडाभर अर्धी कातरलेली मेंढी वाडीत हिंडत होती आणि लोक हसत होते. मी बी.ए. झाले तेव्हा पेढे द्यायला गेले, तर तात्या काकूंना म्हणाले, "बघ, हिच्या पेपरापायी माझी मेंढी अर्धी उघडी हिंडली. वाया न्हाई गेली लाज तिची."

वाडीतली मी पहिली पदवीधर. हे मी मिरवायला सांगत नाही. पुढे जे झालं ते यामुळेच झालं म्हणून सांगते.

त्या वर्षी, पदवीनंतर मी घरीच होते आणि नोकरीसाठी अर्ज करत होते. एका सकाळी पलीकडच्या घरातला एक लग्न झालेला, कर्ता माणूस गाडी घेऊन गेला. काकूंनी आतून विचारलं होतं. तो म्हणाला होता, "पौडला, सिमिट आनायला." घराचं काम खरंच चाललं होतं त्याचं, त्यामुळे शंका यायचं कारण नव्हतं. दुपारी कुणाचा तरी फोन आला की गाडी पौडच्या पुढे भुकूमच्या अंगाला अडवली आहे. रिकाम्या सिमेंटच्या गोण्या वर, आणि खाली गावठी दारूचे कॅन. बांधकामावरच्या मजुरांच्या वस्तीला चालले होते.

तात्या ओट्यावरच बसून राहिले. काकू म्हणाल्या, "मीच नीट इचारलं न्हाई. सिमिट आनायला जानारा मानूस जाताना गोन्या कशाला न्हेईल?"

त्या माणसावर गुन्हा दाखल झाला, तो जामिनावर सुटला आणि कासारसाईकडे कामाला निघून गेला. त्याची बायको दुसऱ्या दिवशी अंडी घेऊन आली आणि ओट्याखाली उभी राहून रडली. काकूंनी अंडी घेतली, तिला चहा दिला. पण हे प्रकरण त्या माणसापुरतं नव्हतं. थोड्या दिवसांनी तात्यांच्या नावे उत्पादन शुल्क खात्याचं सरकारी पाकीट आलं. ते घेऊन तात्या आमच्या अंगणात आले.

मी वाचून दाखवलं. अवैध दारूच्या वाहतुकीसाठी वापरलेलं आपलं वाहन सरकारजमा का करण्यात येऊ नये, याचा लेखी खुलासा सात दिवसांत सादर करावा.

"सरकारजमा म्हंजी?"

"म्हंजी गाडी सरकारची होनार तात्या. परत न्हाई मिळनार."

"दारू त्याची, गाडी माझी. माझी का जमा?"

"मालकानं काळजी घेतली व्हती का, ते बघत्यात. तेच लिहून द्यायचंय."

हे मी नोटीस वाचून सांगितलं होतं, हे मला आज मुद्दाम लिहायचं आहे. मला माहीत नव्हतं असं नाही.

आधी आम्ही पौडला गेलो. तहसील कचेरीबाहेर एक टायपिंगवाला बसायचा, अर्ज लिहून देणारा. त्याने नोटीस बघितली आणि मशीनवरून हातही न काढता म्हणाला, "चावी चोरून नेली असं टाकू. सगळे तेच टाकतात."

तात्या म्हणाले, "चोरून न्हाई न्हेली. हाक मारून न्हेली."

"अहो, हाक कागदावर ऐकू येत नाही. गाडी हवी का खरेपणा हवा?"

"दोनी हवं."

टायपिंगवाला हसला. मला राग आला. मी म्हणाले, "खोटं कशाला लिहायचं? मी लिहीन." तो माझ्याकडे बघून म्हणाला, "लिहा की ताई. पण सांभाळून लिहा. तिथं प्रत्येक शब्द धरतात." मला वाटलं, हा आपलं गिऱ्हाईक गेलं म्हणून बोलतोय. परतीच्या एसटीत तात्या शेजारच्या अनोळखी बाईला सांगत होते, "वकील कशाला लागतुया? आमची पोर ग्रॅज्वेट हाय."

संध्याकाळी ओट्यावर बसून त्यांनी सांगितलं आणि मी टिपून घेतलं. गाडी कधी घेतली, कोण कोण नेतं, काकू काय विचारतात, त्या दिवशी काय झालं. मग ते म्हणाले, "आन् ह्ये लिव. ह्ये लई म्हत्त्वाचं हाय. गेल्या साली वढ्याकडचा दारूभट्टीवाला आलता. गाडी भाड्यानं दे म्हनला. म्या त्वांडावर न्हाई म्हनून सांगितलं. आन् त्यो परत ईल, माझ्या माघारी चावी मागंल, म्हनून तीन दिस चावी बंडीच्या खिशात घिऊन हिंडलो. साऱ्या वाडीनं बघितलंय."

खरंच बघितलं होतं. त्या तीन दिवसांत तात्या मेंढरांमागं चालले की खिशातून लाल गोंडा लोंबत असायचा. माझ्या वडिलांनी विचारलंही होतं, "काय तात्या, गाडी काय खिशात ठिवली का काय?"

मी मान हलवली. वहीत नोंद केली. घरी जाऊन कंदिलासारख्या पिवळ्या बल्बखाली खुलासा लिहायला बसले.

आता मी त्या खुलाशाकडे बघते तेव्हा मला त्यात तात्या दिसत नाहीत, मी दिसते. कॉलेजात निबंधाला मला बक्षीस मिळालं होतं. कॉलेजातल्याच मुली मला विचारायच्या, "तुमच्या डोंगरात भट्ट्या असतात ना गं?" आणि हसायच्या. मला नोटीस काढणाऱ्या साहेबांना दाखवायचं होतं की आमची वाडी तशी नाही. किती एकोप्याची, किती विश्वासाची आहे. म्हणून मी लिहिलं: "सदर वाहन कोणा एकाचे नसून साऱ्या वाडीचे आहे. त्याची चावी दारातील खुंटीला असते. ज्याला गरज असेल तो कोणालाही न विचारता ती घेऊन जातो. आमच्याकडे दाराला कुलूप आणि मनात संशय नसतो."

"न विचारता" हे शब्द तात्यांचे नव्हते. काकूंचं विचारणं मी सविस्तर लिहिलं होतं, पण ते वाक्य लांबलचक आणि घरगुती वाटलं, म्हणून खोडलं. आणि भट्टीवाल्याचं मी लिहिलंच नाही. ते लिहिलं तर आमच्या ओढ्याला भट्टी होती आणि साऱ्यांना ठाऊक होती, हे वाडीच्या नावानिशी सरकारी कागदावर जाणार होतं. खाली लिहिणारीचं नावही जाणार होतं. मी अर्ज केलेली एक जागा सरकारी होती. मी वहीतल्या त्या नोंदीवर बराच वेळ पेन धरून बसले आणि मग पान उलटलं.

तात्यांनी दुसऱ्या दिवशी सही केली. त्यांना तेवढंच लिहिता येतं. मी वाचून दाखवू लागले तर म्हणाले, "तू लिवलंयस न्हवं? मग बास."

खुलासा द्यायला गेलो तेव्हा गाडी त्या खात्याच्या कार्यालयामागच्या आवारात उभी होती. टायरांभोवती गवत वाढलेलं, काचेवर खडूने नंबर. आजूबाजूला अशाच गाड्या, रिक्षा, मोटरसायकली, एक दुधाची गाडीसुद्धा. तात्यांनी फळीवरच्या मेंढीवरची धूळ हाताने पुसली.

तिथला शिपाई म्हणाला, "तुमची होय ही? बाबा, काय शेळीचा वास येतोय हिला!"

"शेळीचाच येतुया न्हवं? दारूचा न्हाई न्हवं?" तात्या म्हणाले. "मंग तसं लिवून घ्या की."

शिपाई मोठ्याने हसला. तात्याही हसले. आम्हाला दोघांनाही त्या दिवशी वाटलं की गाडी सुटणार.

पुढे सुनावणी झाली. साहेब मध्यम वयाचे, शांत होते. उगाच कुणावर ओरडणारे नव्हते. त्यांनी माझा कागद समोर धरला होता.

"चावी कुठं असते?"

"खुंटीला, साह्येब."

"कोणीही नेऊ शकतं?"

"वाडीतलं कुनीबी."

साहेबांनी कागदावर काहीतरी खूण केली. मग त्यांनी वर बघितलं. आजही मला त्यांचा आवाज आठवतो, कारण त्यात घाई नव्हती. ते म्हणाले, "गाडीचा गैरवापर होऊ नये म्हणून तुम्ही काही केलं असेल, तर आता सांगा. आणखी काही सांगायचंय?"

तात्यांनी माझ्याकडे बघितलं. त्यांना वाटलं, ते तर लिहिलंच आहे. सरकारी माणसापुढे एकच गोष्ट दोनदा सांगायला ते लाजत होते. मी उठून उभी राहिले आणि म्हणाले, "सगळं लिहिलंय, साहेब."

त्या वेळी मी सांगू शकले असते. दोन वाक्यांचं काम होतं. पण सांगितलं असतं तर तात्यांना कळलं असतं की मी लिहिलं नव्हतं.

आदेश आला तोही मीच वाचला, त्याच ओट्यावर. काकू दारात, तात्या खांबाला टेकून. गाडी सरकारजमा. मधल्या एका परिच्छेदात माझी वाक्यं अवतरणचिन्हांत जशीच्या तशी छापली होती. "कोणालाही न विचारता" याखाली रेघ होती. त्यापुढे लिहिलं होतं की वाहनमालकाने गैरवापर टाळण्यासाठी कोणतीही खबरदारी घेतल्याचे दिसून येत नाही. उलट तशी खबरदारी घेत नसल्याचे तो स्वतःच कबूल करतो. मी तो परिच्छेद डोळ्यांनी वाचला, तोंडाने गाळला आणि खालच्या ओळीवर गेले.

"वर अपील करता येतं," मी म्हणाले.

"त्यात काय लिवायचं?"

मी आदेशाची घडी घातली.

"पुन्ना त्येच न्हवं? त्येंनी वाचलंय की समदं. वाचून बी न्हाई पटलं त्यास्नी. आता नगं." तात्यांनी खुंटीकडे बघितलं. मूळ चावी गाडीबरोबर गेली होती. दुसरी, गोंडा नसलेली, तिथं लटकत होती. "आपलं खरं त्यास्नी खरं वाटंना, त्याला काय करनार?"

मला ती सरकारी नोकरी मिळाली नाही. हिंजवडीला एका कंपनीच्या भांडारात मी नोकरीला लागले आणि भुकूमला दोन खोल्या घेऊन राहू लागले. तात्यांना त्यानंतर दुसरी गाडी घेता आली नाही. बोकडं बाजाराला जायची तर खालून टेंपो बोलवावा लागे आणि टेंपोवाला चढाला यायला कुरकुर करी. एकदा आमच्या सोसायटीच्या फाटकातून एक पिकअप आत आली, झाडांच्या कुंड्यांनी भरलेली. लिलावात कुणीतरी घेऊन तिला निळा रंग दिला होता. पण ऊन तिरपं पडलं होतं, आणि फळीवर निळ्याखाली एक मेंढी दिसत होती. तीन पायांची. माळ्याने मला विचारलं, "ताई, मोगरा देऊ का?" मी नको म्हणून वर निघून गेले.

वाडीत हळूहळू मोटरसायकली आल्या. त्यांच्या चाव्या खिशात असतात. मीही जुनी छोटी गाडी घेतली. तिची चावी माझ्या पर्समध्ये असते आणि ती मी कुणाला देत नाही. भावालाही दिलेली नाही. कारण विचारलं तर सांगते, क्लच बिघडलेला आहे, माझ्याच हाताला सवय आहे.

या पावसाळ्यानंतर एका शनिवारी मी घरी होते. तात्या सकाळीच आमच्या अंगणात आले. गाभण शेळी अडली होती. "पुतण्याला गाडी येती. चावी दे, पौडला डाक्टरकडं न्हेतो," ते म्हणाले आणि त्यांनी हात पुढे केला. इतक्या वर्षांत त्यांनी माझ्याकडे पहिल्यांदा काही मागितलं होतं.

मी म्हणाले, "मीच येते तात्या."

मागच्या सीटवर गोणपाट टाकून शेळी ठेवली, पुतण्या तिला धरून बसला. तात्या माझ्या शेजारी. उताराला लागल्यावर त्यांनी विचारलं, "चावी देत न्हाईस व्हय कुनाला?"

"न्हाई, तात्या."

"बरं करतीस," ते म्हणाले. "मला बी तसंच करायला पायजे व्हतं."

टोमणा असता तर मला सोसला असता. त्यांच्या मनात टोमणा नव्हता. मी गाडी कडेला घेतली. पुतण्या म्हणाला, "काय झालं ताई? पंक्चर?" मी इंजिन बंद केलं आणि तात्यांना सांगितलं. भट्टीवाल्याचं लिहिलं नव्हतं. काकूंचं विचारणं खोडलं होतं. साहेबांनी विचारलं तेव्हा सगळं लिहिलंय म्हणाले ते खोटं होतं. आदेशातला एक परिच्छेद मी वाचून दाखवलाच नव्हता.

शेळी मागे कण्हत होती. तात्यांनी पुढच्या काचेतून रस्त्याकडे बघत विचारलं, "म्हंजी लिवलंच न्हवतं?"

"न्हाई."

"का?"

"वाडीची लाज वाटली. माझी बी."

तात्यांनी मागे वळून शेळीकडे बघितलं. मग हळू म्हणाले, "मी आपलं आजपातुर म्हनत व्हतो, त्यास्नी सांगून बी त्यांनी मला खोटा धरला. म्हातारीला बी त्येच सांगत आलो. आन् त्यास्नी ठावंच न्हवतं." त्यांनी माझ्याकडे मान वळवली. "गाडी ग्येली त्ये ग्येली. पर मी ह्ये इतकी वर्सं उरावर घिऊन बसलो. तवाच सांगायचं हुतंस. अपील तरी केलं असतं."

"व्हय."

"लई वाईट केलंस तू."

"व्हय, तात्या."

पुतण्या मागून म्हणाला, "आवो, शेळी मरंल हितंच."

"चल," तात्या मला म्हणाले. "डाक्टर निगून जाईल. आन् घरी गेल्यावर म्हातारीला तू सांगायचं. मी न्हाई सांगनार. ती आजून म्हनती, तिनंच नीट इचारलं न्हाई म्हनून गाडी गेली. ती इचारत व्हती त्येच तू खोडलंस, ह्ये तिला तुज्या त्वांडानं कळू दे."

डॉक्टर भेटले. शेळी वाचली, एक करडू मेलं, एक जगलं. परतताना तात्या करडू मांडीवर घेऊन बसले होते. चढ संपला तेव्हा काकू ओट्यावर उभ्या होत्या. त्यांनी खाली येऊन आधी शेळीच्या पाठीवर हात फिरवला आणि विचारलं, "वाचंल न्हवं?"

"शेळी ब्येस हाय," तात्या म्हणाले. "तू बस खाली. ही काय सांगतीया त्ये ऐक."

काकू बसल्या. मीही त्यांच्या समोर, खुंटीच्या खाली बसले. घोंगडी तिथंच होती, कोयता होता, बिनगोंड्याची चावी गंजून तांबडी झाली होती. काकूंनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि म्हणाल्या, "काय गं पोरी? नोकरी ग्येली का काय?"

मी न्हाई म्हणाले, आणि ती सकाळ, तो माणूस, आणि त्यांनी आतून विचारलेले ते दोन प्रश्न, तिथून सांगायला सुरुवात केली.